वीस वर्षे एकाच पदावर : न्यायालयाने काय दिलं, काय नाही

आपण ज्या सीएसआयआरच्या नेट परीक्षेची तयारी करतो, त्याच संस्थेतला एक अभियंता सुमारे २० वर्षे बढतीच्या संधीविना अडकून पडला होता. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. १९८९ मध्ये सीएसआयआरचं अपील फेटाळताना न्यायालयाने व्यवस्थापनाला चांगलंच सुनावलं. माणूस फक्त नोकरीसाठी नाही, तर पूर्ण कारकिर्दीसाठी घेतला जातो, हा त्या निकालाचा गाभा.

मग बढती हा हक्क झाला का? नाही. बढतीसाठी आपला विचार होणं हा हक्क आहे. बढती मिळणं नव्हे. पण वर जायची वाटच नसेल, तर विचार तरी कशाचा होणार? १९८८ मध्ये बिहार पोलिसांच्या वायरलेस विभागाच्या प्रकरणात न्यायालयाने राज्याला किमान दोन बढत्यांची सोय करायला सांगितलं होतं. केंद्रीय आरोग्य खात्यातल्या बिगर-वैद्यकीय शास्त्रज्ञांच्या बाजूनेही नंतर असाच निकाल आला.

पुढे पाचव्या वेतन आयोगाच्या शिफारशीनंतर केंद्राने ऑगस्ट १९९९ मध्ये 'एसीपी' योजना आणली. पद रिकामं नसलं तरी १२ आणि २४ वर्षांनी वरची वेतनश्रेणी. सहाव्या आयोगानंतर तिची जागा 'एमएसीपी'ने घेतली : १०, २० आणि ३० वर्षांनी लाभ. महाराष्ट्रात अशाच लाभाला 'सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना' म्हणतात.

इथून भांडणाचा विषय बदलला. लाभ द्यायचा की नाही हे ठरलं होतं. आता प्रश्न होता कधीपासून आणि किती. नवं वेतन १ जानेवारी २००६ पासून, एमएसीपी मात्र १ सप्टेंबर २००८ पासून. मधल्या ३२ महिन्यांत निवृत्त झालेल्यांचं काय? २०१७ मध्ये सैनिकांच्या प्रकरणात न्यायालय म्हणालं, हा लाभ वेतनाचाच भाग आहे, म्हणून २००६ पासून द्या. नागरी कर्मचाऱ्यांनी तोच निकाल पुढे केला; पण २०२१ मध्ये त्यांच्यासाठी २००८ चीच तारीख कायम राहिली. त्याआधी २०२० मध्ये, बढतीच्या पदाचा ग्रेड पे द्या ही मागणीही न्यायालयाने अमान्य केली. वेतनाच्या उतरंडीतला पुढचा ग्रेड पे मिळेल, बस्स.

म्हणजे कोंडी फोडायला न्यायालय पुढे आलं, पण योजना तयार झाल्यावर तिचा तपशील त्याने बहुतांशी सरकारवर सोडला. फक्त १९८९ चा निकाल वाचला तर न्यायालय कर्मचाऱ्यांचं कैवारी वाटतं. फक्त २०२१ चा वाचला तर सरकारचं. दोन्ही निष्कर्ष अर्धवट. एका वाचनावरून आपण प्रयोगशाळेत ग्राफ काढत नाही ना? निकालांचंही तसंच. याचिका कोणाची, नियम कोणता, तारीख कोणती, हे तीन रकाने आधी भरा. मत नंतर बनवा.