‘कायम’ कोण? महाराष्ट्रातील अभियंत्यांचा ज्येष्ठतेचा वाद

सरकारी कचेरीत ज्येष्ठता यादी नावाचा एक कागद असतो. त्यावरील क्रमांकाने बढती ठरते, बढतीने वेतन आणि शेवटच्या वेतनाने निवृत्तिवेतन. अशाच एका यादीवरून महाराष्ट्रातील अभियंत्यांनी लढवलेला वाद सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठापर्यंत गेला. आज देशभरातील सेवाविषयक खटल्यांत त्याचा आधार घेतला जातो.

वाद उपअभियंता या वर्ग २ च्या पदाचा होता. या पदावर येण्याच्या वाटा दोन. एक सरळसेवेची : पदवीधर अभियंता, स्पर्धा, थेट नेमणूक. दुसरी बढतीची : ओव्हरसियर म्हणून उमेदीची वर्षे बांधावर नि कालव्यावर घालवलेला माणूस वर चढे. हा भेद जुना आहे. पुण्याचे अभियांत्रिकी महाविद्यालय १८५४ साली सुरू झाले तेच मुळी सार्वजनिक बांधकामांसाठी दुय्यम अधिकारी घडवावेत म्हणून.

स्वातंत्र्यानंतर पंचवार्षिक योजना आल्या. कोयनेसारखी धरणे, रस्ते, पूल अशी कामे वाढली आणि त्यासाठी तात्पुरती पदे निर्माण झाली. या पदांवर ओव्हरसियर ‘स्थानापन्न’ उपअभियंते म्हणून बसवले गेले. काम उपअभियंत्याचेच, जबाबदारीही तीच. पण कागदावर ते कायम नव्हते. सरळसेवेच्या उमेदवारासाठी मात्र कायम पद राखलेले असे आणि दोन वर्षांचा परिविक्षाकाळ संपला की तो कायम होई.

खरी मेख १९६० च्या नियमांत होती. एखाद्या वर्षी थेट नेमलेले परिविक्षाधीन अधिकारी त्याच वर्षी कायम झालेल्या बढतीप्राप्तांच्या वर, एकगठ्ठा, धरावेत असा तो नियम होता. याचा अर्थ उदाहरणाने कळतो. समजा, एक ओव्हरसियर १९६० साली उपअभियंता झाला आणि १९६८ साली कायम झाला. तर १९६८ साली नव्याने रुजू झालेला पदवीधर यादीत त्याच्या वर जाई. मधल्या आठ वर्षांची नोकरी हिशेबातूनच पुसली जाई.

४ मे १९७७ रोजी ‘पटवर्धन विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हा नियम समानतेच्या हक्काविरुद्ध ठरवून रद्द केला. निकाल लिहिला मूळचे पुण्याचे असलेल्या न्यायमूर्ती यशवंत विष्णु चंद्रचूड यांनी. आणीबाणीतील बंदिवानांचा हक्क नाकारणाऱ्या बहुमतात ते वर्षभरापूर्वीच सामील होते, ही गोष्ट इतिहासाच्या वाचकाने विसरू नये. येथे मात्र त्यांची नजर स्वच्छ होती : ‘कायम’ होणे हे ना अधिकाऱ्याच्या कर्तबगारीवर अवलंबून असते ना रिक्त पदांवर, ते सरकारी नोकरीतले एक अनिश्चित प्रकरण आहे, आणि अशा गोष्टीवर ज्येष्ठता टांगता येणार नाही.

सरकारने पुढे १९८२ साली नवे नियम करून सलग सेवेचा काळ मोजला, तेव्हा सरळसेवेचे अधिकारी न्यायालयात गेले. त्यांची बाजू अगदीच पोकळ नव्हती. स्पर्धेतून आलेल्यांचा वाटा ठरलेला असताना सरकारने वाटेल तितक्या बढत्या द्याव्यात आणि ती सारी माणसे त्यांच्या डोक्यावर बसावीत, हे त्यांनी का सोसावे? २ मे १९९० रोजी घटनापीठाने उत्तर दिले. नियमानुसार नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिवसापासून मोजावी, कायम झाल्याच्या दिवसापासून नव्हे. निव्वळ काम भागवण्यासाठी नियम डावलून केलेली तात्पुरती नेमणूक मात्र धरू नये. १९८२ चे नियम टिकले. स्थिरावलेली ज्येष्ठता पुन्हा विस्कटणे सेवेच्या हिताचे नाही, असेही पीठाने बजावले.

आता जरा वयाचा हिशेब मांडावा. १९६० साली पस्तिशीत असलेला उपअभियंता १९८३ साली ५८ व्या वर्षी निवृत्त झाला. अंतिम निकाल त्याच्यानंतर सात वर्षांनी आला. कनिष्ठाच्या हाताखाली राहणे ज्याला सोसवत नाही त्याच्यासाठी स्वेच्छानिवृत्तीचे दार असते. १९८२ च्याच निवृत्तिवेतन नियमांनुसार २० वर्षांची अर्हताकारी सेवा आणि तीन महिन्यांची नोटीस एवढ्यावर राज्य कर्मचाऱ्याला बाहेर पडता येते. पण दार ओलांडल्यानंतर निघालेल्या बढतीवर त्याचा हक्क उरत नाही. कनिष्ठाला बढती मिळाली ती तारीख आपल्या निवृत्तीच्या आधीची आहे, एवढेच त्याला दाखवता येते.

ते सिद्ध झाले तर सरकार ‘मानीव दिनांक’ देते. त्या दिवशी बढती मिळाली असे मानून वेतन कागदावर वाढवतात आणि निवृत्तिवेतन नव्याने ठरवतात. भांडण उरते ते मधल्या वर्षांच्या फरकाचे. ‘काम नाही तर वेतन नाही’ हे सरकारचे ठरलेले उत्तर. ऑगस्ट १९९१ मध्ये जानकीरामन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्याला मर्यादा घातली : माणूस काम करायला तयार असताना, त्याचा काही दोष नसताना, सरकारनेच त्याला त्या पदापासून दूर ठेवले असेल, तर हे तत्त्व सरसकट त्याच्या माथी मारता येणार नाही.