देवगिरीच्या कोठारातली मिठाची पोती

फँटसी सीरिज बघणाऱ्या किंवा गेम खेळणाऱ्या कुणालाही उभं शहर नवीन नाही. 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मधलं मिनास तिरिथ डोंगरावर सात टप्प्यांत चढत जातं. 'आर्केन'मध्ये वर झगमगतं पिल्टोव्हर आणि खाली धुरात कोंडलेलं झॉन. नियम ठरलेला आहे. जितकं वर, तितका मान.

असं एक शहर आपल्याकडे खरोखर होतं. छत्रपती संभाजीनगरपासून साधारण 15 किलोमीटरवर, वेरूळच्या रस्त्याला. यादवांची देवगिरी, नंतरचं दौलताबाद. आज आपण तिकीट काढून 'किल्ला' बघायला जातो, पण हे कित्येक शतकं नांदतं शहर होतं, हे चढताना दम लागला की विसरायला होतं.

खालून सुरुवात करू. सगळ्यात बाहेर अंबरकोट. त्याच्या आत महाकोट. इथे वस्ती, मशीद, विहिरी, चांदमिनार आणि हत्ती हौद. भोवतालच्या डोंगरांतून खापरी नळांनी पाणी आणून असे हौद भरले जायचे. त्याच्या वर काळाकोट, म्हणजे महालांचा टप्पा. इथल्या चिनी महालात औरंगजेबाने गोवळकोंड्याच्या शेवटच्या कुतुबशहाला मरेपर्यंत कैदेत ठेवलं. त्यापुढे कातळात खोदलेला खंदक, त्यावरून जाणारी एकच वाट आणि मग 'अंधेरी', डोंगराच्या पोटातला वळणावळणाचा काळोखा भुयारी मार्ग. त्यातून बाहेर पडलं की माथ्याकडची चढण. डोंगर सुमारे 200 मीटर उंच आणि त्याचा खालचा भाग चहूबाजूंनी भिंतीसारखा तासलेला. घोरपडीलाही चढता येऊ नये असा.

1327 मध्ये मुहम्मद बिन तुघलकाने राजधानी दिल्लीहून इथे आणली. पुढे 1342 च्या सुमारास मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता इथे आला. त्याला या शहराचे तीन भाग दिसले: सुलतान आणि फौजेचं दौलताबाद, दुसरा भाग 'कटक' आणि वरचा बालेकिल्ला देवगिरी. बालेकिल्ल्यावर चढायला कातड्याची शिडी होती आणि रात्री ती वर ओढून घेत, असं तो लिहितो. रत्नांचा व्यापार करणारे श्रीमंत हिंदू व्यापारी आणि गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांचा 'तरबाबाद' नावाचा बाजारही त्याने नोंदवलाय. वरच्या तुरुंगात मांजरापेक्षा मोठे उंदीर होते, हेसुद्धा त्याने एका कैद्याकडून ऐकून लिहिलंय.

म्हणजे माथ्यावर सत्ता आणि कैदी, पायथ्याशी पैसा आणि गाणं. शिडी ओढून घेतली की वरचे सुरक्षित. पण शिडी ओढल्यावर वरचे खाणार काय?

माझ्या मते देवगिरीचा इतिहास या एका प्रश्नात मावतो.

1296 साल. अलाउद्दीन खिलजी तेव्हा सुलतान नव्हता, कड्याचा सुभेदार होता. तो अचानक देवगिरीवर आला तेव्हा यादवांची मोठी फौज राजपुत्र शंकरदेवाबरोबर बाहेर होती. रामदेवराय किल्ल्यात शिरला. घाईत जवळच्या व्यापाऱ्यांच्या तांड्याची पोती धान्य समजून वर घेतली गेली. शंकरदेव परत येऊन लढला, हरला. तरी किल्ला शाबूत होता. मग पोती उघडली, तर आत कोकणातलं मीठ. रामदेवरायाला तह करावा लागला. ही गोष्ट फरिश्ता या इतिहासकाराने तीनशे वर्षांनी लिहिली आहे, त्यामुळे तिला थोडा मीठमसाला लागलेला असू शकतो. पण पुढच्या घटना पाहिल्या की ती खोटी वाटत नाही.

अहमद निजामशहाला हा किल्ला हवा होता. फरिश्ताच सांगतो की कडा चढण्यापेक्षा त्याने शेतं गाठली. पिकं काढणीला आली की फौज जाऊन दौलताबादचा मुलूख उजाड करायची. त्यासाठी सोयीच्या जागी त्याने नवं ठाणं वसवलं, तेच अहमदनगर, आजचं अहिल्यानगर. 1499 मध्ये किल्ला त्याच्या हाती आला.

1633 मध्ये शहाजहानचा सरदार महाबतखान आला. सुरुंगांनी खालचे तट फुटले. पण वरचा किल्ला पडला तो उपासमारीने आणि मलिक अंबरचा मुलगा फत्तेखान याच्याशी झालेल्या सौद्याने. विजापूरची फौज आत रसद पोहोचवायला धडपडत होती आणि त्या धडपडीत शहाजीराजेही होते. शहाजीराजे म्हणजे मालोजीराजांचे पुत्र, ज्या मालोजीराजांची गढी आमच्या इंदापुरात आहे. या वरकुट्याच्या सपाट रानात उसाच्या कडेला बसून देवगिरी फार लांबची वाटते. पण तिथला राजा जगणार की शरण जाणार, हे अशाच रानातलं धान्य ठरवत होतं.

आम्ही सॉफ्टवेअरवाले सिस्टीम कुठे मोडेल हे आधी शोधतो. देवगिरीच्या बांधणाऱ्यांनी शत्रू ज्या ज्या वाटेने येईल ती प्रत्येक वाट बंद केली. उरली फक्त धान्याची वाट, आणि ती बंद करणं शत्रूच्या हातात होतं.

याच किल्ल्यावर सोळाव्या शतकात जनार्दनस्वामी किल्लेदार होते आणि एकनाथ त्यांचे शिष्य. आख्यायिका अशी की गुरूंनी हिशेबाचं काम दिलं, त्यात एका पैची चूक निघेना, म्हणून एकनाथ रात्रभर वह्या तपासत बसले आणि ती सापडल्यावर आनंदाने टाळी वाजवली. कीर्तनात ही गोष्ट एकाग्रतेसाठी सांगतात. मला ती ऐकताना मिठाची पोती आठवतात. पोतं वर घेण्याआधी उघडून बघणारा एक माणूस 1296 ला तिथे असता तर?

आज हिंजवडी-वाकडच्या टॉवरांमध्ये उन्हाळ्यात तिसाव्या मजल्यावरचा नळ खाली उभ्या असलेल्या टँकरवर चालतो. गेटवर सिक्युरिटी आहे, कॅमेरे आहेत, लिफ्टला कार्ड आहे. टँकर मात्र रोज यावाच लागतो, आणि तो भरून आणणारा माणूस त्या टॉवरमध्ये राहत नाही.