देवाशपथ, देव नाही!

बँकेच्या नोकरीत प्रमोशन चुकवता येतं, बदलीही थोडीफार चुकवता येते. कोर्टातली साक्ष मात्र चुकत नाही. एका थकलेल्या कर्जाच्या दाव्यात खातेउताऱ्यावर माझी सही होती. एवढ्या पुण्याईवर मी साक्षीदार झालो. पिंजऱ्यात उभा राहिलो. बेंच क्लार्क म्हणाले, "म्हणा, देवाशपथ खरं सांगेन, खोटं सांगणार नाही." मी पोपटासारखं म्हटलं. आणि मागच्या बाकावरचे आमचे हेडकॅशियर खुदकन हसले.

त्यांच्या हसण्याला कारण होतं. देव नाही, हे मी त्यांना चहाच्या वेळी गेली पंधरा वर्षं पटवत आलोय. दर संकष्टीला त्यांच्या डब्यातली निम्मी साबुदाण्याची खिचडी संपवत मी युक्तिवाद करतो. बाहेर पडल्यावर म्हणाले, "काय राव, खातंच नाही त्या बँकेवर चेक फाडलात की!"

खरं सांगायचं तर माझं नास्तिकपण दहा ते पाच या वेळेतलं. संध्याकाळी कॅश जुळली नाही की मी मनातल्या मनात गणपतीला नारळ कबूल करतो. पण त्या दिवशी टोमणा वर्मी लागला. घरी येऊन चार्ल्स ब्रॅडलॉ यांचं चरित्र पुन्हा काढलं. "आता या वयात वाचून काय करणार?" असं सौ.ने विचारलं. तिकडे दुर्लक्ष केलं.

ब्रॅडलॉ माझ्या जवळचा. कारण तोही कारकून, आणि कारकुनाचाच मुलगा. 1833 साली लंडनमध्ये जन्मला. शाळा लवकर सुटली. पोरवयात रविवारच्या धर्मशाळेत शिकवताना त्याला चर्चची कलमं आणि बायबलातली शुभवर्तमानं यांचा मेळ बसेना. हिशेब जुळत नाही म्हटल्यावर कारकुनाने वरिष्ठांना विचारायचं असतं. याने पाद्रीबुवांना पत्र लिहिलं. उत्तर म्हणून शिकवण्याचं काम गेलं आणि पाठोपाठ घरही सुटलं. मग कोळसा विकून पाहिला, पलटणीत गेला, परत येऊन वकिलाच्या कचेरीत चिकटला. देवाविरुद्ध व्याख्यानं द्यायची ती 'आयकॉनोक्लास्ट', म्हणजे मूर्तिभंजक, या टोपणनावाने. मालकाच्या धंद्याला झळ नको म्हणून! मूर्ती फोडायच्या, पण साहेब दुखावता कामा नये. याला म्हणतात अस्सल कारकून.

1866 साली त्याने नॅशनल सेक्युलर सोसायटी काढली आणि 1880 साली नॉर्दॅम्प्टनमधून पार्लमेंटवर निवडून आला. खरी गंमत इथून पुढे. सभासदाने बायबल हाती घेऊन देवाची शपथ घ्यायची, असा रिवाज. ब्रॅडलॉ म्हणाला, "मी देव मानत नाही. मला नुसतं प्रतिज्ञापूर्वक सांगू द्या." क्वेकर पंथीयांना ती सवलत होती. समिती नेमली गेली. एका मताने नकार आला. "बरं, मग घेतो शपथ," तो म्हणाला. "त्यातल्या देवाच्या शब्दांना माझ्या लेखी अर्थ नसला, तरी बाकीची शपथ मी पाळीन." आता सभागृह म्हणालं, देव न मानणाऱ्याला आम्ही शपथ घेऊ देणार नाही! म्हणजे फॉर्म भरल्याशिवाय खिडकीवर यायचं नाही, आणि फॉर्म खिडकीवरच मिळणार. आमच्याही बँकेत असं कधीकधी होतं, पण इतकं नाही.

23 जून 1880 रोजी तो सभागृहातून हलेना, तेव्हा त्याला बिग बेनच्या मनोऱ्यात कोंडलं. रात्रभर वर ते घड्याळ ठणाणा वाजतंय आणि खाली हा. दुसऱ्या दिवशी सोडला. पुढे तात्पुरतं बसू दिलं, तर शपथेविना दिलेल्या दर मताला पाचशे पौंड दंडाचा खटला अंगावर. जागा गेली. मतदारांनी पुन्हा निवडला. ऑगस्ट 1881 मध्ये पोलिसांनी आणि शिपायांनी त्याला ओढत बाहेर काढला, कोट फाटला. 1882 साली तर पठ्ठ्याने खिशातून स्वतःचंच बायबल काढलं आणि टेबलापाशी जाऊन आपली आपणच शपथ घेतली. हकालपट्टी. पुन्हा निवडणूक, पुन्हा विजय. नॉर्दॅम्प्टनचे मतदारही काय चिवट! 1883 मध्ये ग्लॅडस्टनसाहेबांनी, स्वतः पक्के धार्मिक असून, त्याच्या बाजूचं विधेयक आणलं. ते 289 विरुद्ध 292 असं तीन मतांनी पडलं.

आणि नेमक्या त्याच वर्षी जॉन मोर्ले निवडून आले. हेच पुढचे भारतमंत्री, 1909 च्या मोर्ले-मिंटो सुधारणांतले. मासिकाचे संपादक असताना 'गॉड' शब्द लहान अक्षराने छापणारे हे गृहस्थ! त्यांनी मुकाट्याने शपथ घेतली आणि जागेवर जाऊन बसले. कोणाचंही काही बिघडलं नाही. मोर्ले थोर होते, यात शंका नाही. पण ते वाचताना मला पिंजऱ्यातला मी आठवलो, आणि जरा ओशाळलोच. नास्तिक चालत होता. आपण नास्तिक आहोत हे आधी सांगणारा चालत नव्हता.

ब्रॅडलॉने भर सभेत घड्याळ काढून, "देव असेल तर पाच मिनिटांत मला मारून दाखव," असं आव्हान दिल्याची वदंता होती. ती तो जन्मभर नाकारत राहिला. खोटी शपथ चालत नसे, तशी खोटी ख्यातीही चालत नसे.

अखेर जानेवारी 1886 मध्ये सभापती पील यांनी कोणाची हरकत ऐकूनच घेतली नाही. ब्रॅडलॉने शपथ घेतली आणि बसला. दोन वर्षांनी, 1888 साली, त्याने स्वतः मांडलेला कायदा मंजूर झाला आणि ज्याला देवाची शपथ नको त्याला प्रतिज्ञेची सोय झाली. 1889 च्या डिसेंबरात तो मुंबईच्या काँग्रेस अधिवेशनाला आला. हिंदुस्थानची बाजू तो पार्लमेंटात मांडत असे. त्या अधिवेशनाला प्रतिनिधी किती? 1889! असा टॅली माझ्या काउंटरवर कधी लागला नाही.

27 जानेवारी 1891 रोजी पार्लमेंटने त्याच्याविरुद्धचा 1880 चा ठराव दप्तरातून खोडून टाकला. बँकेच्या भाषेत एंट्री रिव्हर्स केली. पण खातेदार तेव्हा शुद्धीवर नव्हता. 30 तारखेला तो गेला. ब्रुकवुडच्या दफनाला लंडनमधले बरेच हिंदी लोक होते. त्यांत एकवीस वर्षांचा एक कायद्याचा विद्यार्थी होता, मोहनदास गांधी. परतताना स्टेशनवर एक नास्तिक एका पाद्र्याला देवाचं आकारमान विचारून छळत होता. ते ऐकून गांधीजींचं नास्तिकपणाबद्दलचं मत आणखीच वाईट झालं. पण दफनाला ते गेले होते.

माझी उलटतपासणी पुढच्या तारखेला होती. बेंच क्लार्क म्हणाले, "म्हणा, देवाशपथ..." मी म्हणालो, "गांभीर्यपूर्वक दृढकथन करतो." क्लार्कने वर पाहिलं. आमच्या वकिलांनी कपाळावर हात मारला. न्यायाधीशांनी मान वर न करताच सांगितलं, "चालतं ते. कायद्यात आहे. लिहून घ्या."

मागे पाहिलं. हेडकॅशियर हसत नव्हते. संकष्टी होती, त्यांनी मांडीवरचा डबा माझ्याकडे किंचित सरकवला.