एक कॉलम, ८१ वर्षं

डेटाबेसमध्ये चुकीचा कॉलम घातला की पुढे काय हाल होतात, ते आम्हा आयटीवाल्यांना विचारा! इंग्रजांनी १८७१ मध्ये असाच एक घातला: 'गुन्हेगार जमात'. १९११ च्या कायद्याने तो देशभर लागू होऊ शकला. पोलिसांकडे नोंद, बोटांचे ठसे, हजेरी. सोलापुरात तर कुंपणाआड अख्खं सेटलमेंट.

३१ ऑगस्ट १९५२ ला कायदा गेला, माणसं 'विमुक्त' झाली. पण गंमत बघा, १९५१ ते २०११ च्या एकाही जनगणनेत 'विमुक्त' असा वेगळा आकडा नाही. पहारा ठेवायचा होता तेव्हा एकेक माणूस मोजला. शाळा, घरं द्यायची वेळ आली आणि मोजायचंच राहिलं. ज्यांचा आकडाच नाही, त्यांच्यासाठी बजेट कशाच्या जोरावर मागायचं?