संपर्कशोधाचे गणित

रुग्ण कोणाकोणाला भेटला ते शोधून त्या माणसांना काही दिवस वेगळे ठेवणे, हा साथ रोखण्याचा जुना उपाय. देवीच्या निर्मूलनात लसीच्या जोडीला हाच उपाय होता. भारतातील देवीचा शेवटचा रुग्ण १९७५ साली सापडला. पण देवीचा रुग्ण पाहताक्षणी ओळखू येई. लक्षणे दिसायला साधारण बारा दिवस लागत आणि त्यापूर्वी तो सहसा रोग पसरवीत नसे. शोधणाऱ्याला सवड मिळे.

कोविडने ही सवड दिली नाही. लक्षणे तेव्हा सरासरी पाच दिवसांनी दिसत. त्याच्या सुमारे दोन दिवस आधीच रुग्ण विषाणू पसरवू लागतो. काहींना तर लक्षणे नसतातच.

फेब्रुवारी २०२१ मध्ये अमरावती व अकोला जिल्ह्यांत रुग्ण एकाएकी वाढले. आपण एक हिशेब फळ्यावर मांडू. दिवसाला ५०० रुग्ण आणि प्रत्येकाचे २० संपर्क धरले, तर रोज १०,००० नवी नावे होतात. प्रत्येकावर १४ दिवस लक्ष ठेवायचे, म्हणजे एका वेळी १,४०,००० माणसे! आणि घरोघर फिरणार कोण? आशाताई, परिचारिका, कित्येक गावांत शिक्षकच. अमरावतीत २२ फेब्रुवारीपासून आठवड्याची टाळेबंदी लागली, ती पुढे वाढवावी लागली. नेमकी माणसे शोधता आली नाहीत की सर्वांनाच घरी बसवावे लागते. वऱ्हाडातील नमुन्यांत तेव्हा बी.१.६१७ हा नवा वंश आढळत होता. त्याच्याच एका शाखेला मे २०२१ मध्ये डेल्टा हे नाव मिळाले.

या हिशेबापेक्षाही अवघड होते ते नावे मिळवणे. आपण नाव सांगितले की त्या माणसाची १४ दिवसांची मजुरी बुडणार, शेजारी त्याला टाळणार. लग्नाला ५० माणसांची मर्यादा होती. खरी यादी देणे म्हणजे दंड ओढवून घेणे. १८९७ साली पुण्यात रँडच्या प्लेग समितीने गोऱ्या सोजिरांकरवी घरे झडवली, तेव्हाही लोक आजारी माणसे लपवू लागले होते. नावे विचारणारा आणि दंड करणारा एकच नसावा, असे आम्हांला वाटते.

याचे शास्त्रीय कारणही आहे. हा विषाणू सर्व रुग्ण सारखाच पसरवीत नाहीत. थोडे जण पुष्कळांना देतात, बहुतेक जण फारसा कोणाला देत नाहीत. म्हणून रुग्णाला संसर्ग कोणत्या जमावात झाला हे मागे जाऊन शोधणे अधिक फलदायी ठरते. जपानने २०२० साली त्यावरच भर दिला. अशा शोधाला लागते ती नेमकी लग्नाचीच यादी.