जोसेफ विरशिंग : मालाडच्या बोलपटांचे जर्मन छायाचित्रणकार

बॉम्बे टॉकीजचा इतिहास बहुधा हिमांशू राय, देविकाराणी आणि अशोककुमार यांच्या नावांभोवती लिहिला जातो. त्या संस्थेच्या आरंभीच्या बोलपटांना ज्यांनी दृश्यरूप दिले, ते म्युनिकचे जोसेफ विरशिंग (१९०३-१९६७) मात्र श्रेयनामावलीपुरतेच उरले. इतिहासलेखनातील ही उणीव केवळ एका व्यक्तीपुरती नाही. चित्रपटाचे कर्तेपण दिग्दर्शक व नटांकडेच सोपविण्याच्या सवयीतून ती आली आहे.

म्युनिकच्या एमेल्का चित्रसंस्थेतील विरशिंग १९२५ मध्ये ‘लाइट ऑफ एशिया’ या मूकपटाच्या निमित्ताने दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांच्यासमवेत भारतात आले. बुद्धचरित्रावरील या कथापटाचा प्रारंभ समकालीन भारताच्या, माहितीपटात शोभाव्यात अशा दृश्यांनी होतो. प्रत्यक्ष स्थळावरील नैसर्गिक प्रकाशात काम करण्याचा हा अनुभव होता. १९३४ मध्ये मालाड येथे बॉम्बे टॉकीज स्थापन झाल्यावर त्यांच्यापुढील प्रश्न नेमका उलट झाला : बंदिस्त स्टुडिओत कृत्रिम दिव्यांनी भारतीय गाव, रात्र आणि चेहरा उभा करावयाचा होता. ‘अछूत कन्या’ (१९३६) मधील छायाप्रकाशात जर्मन मूकपटांचा संस्कार जाणवतो. तथापि त्यास निव्वळ अनुकरण म्हणणे अन्यायाचे ठरेल. ‘कंगन’ (१९३९) मधील लीला चिटणीस आणि ‘नवजीवन’ (१९३९) मधील हंसा वाडकर या मराठी अभिनेत्रीही त्यांच्याच कॅमेऱ्यासमोर आल्या.

सप्टेंबर १९३९ मध्ये महायुद्ध सुरू होताच ब्रिटिश सरकारने जर्मन नागरिकांना ताब्यात घेतले. ऑस्टेन नाझी पक्षाचे सदस्य होते. ते पुढे जर्मनीस परतले. विरशिंग यांना मात्र तत्कालीन अहमदनगरसह निरनिराळ्या छावण्यांत युद्धसमाप्तीपर्यंत स्थानबद्ध राहावे लागले. छत्तिसाव्या वर्षी, हात पूर्ण तयार झालेला असताना, कॅमेरा सुटला. मालाडचे काम थांबले नाही. त्यांच्या हाताखाली तयार झालेले आर. डी. परिंजा यांनी ‘किस्मत’ (१९४३) चित्रित केला. विरशिंग यांच्या अध्यापनाचा याहून ठळक पुरावा शोधावा लागत नाही.

सुटकेनंतर ते मायदेशी स्थायिक न होता मुंबईतच राहिले. कमाल अमरोही यांच्या ‘महल’ (१९४९) मध्ये भयाचा परिणाम मुख्यतः अंधाराच्या योजनेतून साधला आहे. त्या चित्रपटाची कीर्ती संगीताच्या नावे जमा झाली, हे खरे. अमरोहींच्याच ‘पाकीजा’मध्ये त्यांनी रंग आणि सिनेमास्कोप हाताळले. हे काम अपुरे असतानाच १९६७ मध्ये मुंबईत त्यांचे निधन झाले. उर्वरित चित्रण इतर छायाचित्रणकारांनी पूर्ण केले आणि चित्रपट १९७२ मध्ये प्रदर्शित झाला.

चित्रीकरणस्थळी त्यांनी टिपलेली हजारो स्थिरचित्रे कुटुंबीयांनी जपली होती. त्यांतील निवडक चित्रांचे प्रदर्शन २०१७ मध्ये गोव्यात भरले. दिवे सरकवणारे कामगार, ध्वनियंत्रे आणि चित्रणाच्या मधल्या वेळात विसावलेले कलावंत त्यांत दिसतात.