डफ हातात घेतलेली पोरं

युवकांची विद्रोही संस्कृती म्हटलं की आपल्या माध्यमांना गोव्याच्या किनाऱ्यावरचे हिप्पी आठवतात. ते घरदार सोडून परिघावर आले होते आणि वाटलं तेव्हा परत जाऊ शकत होते. आपल्या वस्त्यांतल्या पोरांना परिघ जन्मासोबतच मिळतो. त्यांच्या विद्रोहाला फॅशन म्हणायची सोय नाही, म्हणून त्याला गुन्हा म्हटलं जातं.

याचा मोठा दस्तऐवज म्हणजे आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' (२०११). ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातल्याचं सकाळी दिसलं. लोक रस्त्यावर आले, राज्य राखीव पोलीस दलाने गोळ्या झाडल्या आणि दहा जण मारले गेले. जमाव गॅसचे टँकर पेटवत होता, हा पोलिसांचा बचाव. गुंडेवार आयोगाने तो फेटाळला आणि गोळीबार असमर्थनीय ठरवला. चार दिवसांनी, १५ जुलैला, शाहीर विलास घोगरे यांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत गळफास घेतला. डाव्या चळवळीसाठी गाणारा हा माणूस जाताना डोक्याला निळं कापड बांधून गेला. या निळ्या कापडाचा अर्थ डाव्या मित्रांनी अजून नीट लावलेला नाही, असं आमचं मत आहे.

पटवर्धन पुढे चौदा वर्षं चित्रण करत राहिले. वस्तीत कॅमेरा एरवी प्रेतं मोजायला येतो, दुसऱ्या दिवशी निघून जातो. हा थांबला, म्हणून गाणी नोंदली गेली. भीमराव कर्डकांच्या जलशांपासून वामनदादांपर्यंत आपला इतिहास गळ्यातूनच पुढे आला आहे. ग्रंथालयांनी तो कधी जपला?

याच चित्रपटात कबीर कला मंच भेटतो. २००२ च्या गुजरात दंगलीनंतर पुण्यात उभी राहिलेली ही तरुण पोरं. शीतल साठेची आई पडद्यावर लेकीबद्दल बोलते, ते कार्यकर्त्यांनी जरूर ऐकावं. घरातला देव्हारा आणि घरातली विद्रोही मुलगी यांचा संसार कसा चालतो, ते तिथे कळतं. २०११ मध्ये मंचावर यूएपीए लागला. शीतल आणि सचिन माळी २ एप्रिल २०१३ रोजी विधानभवनासमोर सत्याग्रह करत स्वतः हजर झाले.

रमाबाई नगरातल्या गोळीबाराबद्दल पोलीस अधिकाऱ्याला २००९ मध्ये जन्मठेप झाली आणि तो लवकरच जामिनावर सुटला. गाणं म्हणणाऱ्या सचिनला जामीन मिळायला जानेवारी २०१७ उजाडला.